अण्णा साळुंके : दहा-पंधरा रुपयांच्या गोष्टीपलीकडे



आज ज्या माणसाबद्दल बोलणार आहे, त्याचं नाव तुमच्यापैकी बऱ्याच जणांनी ऐकलं असेल, निदान सामान्य ज्ञानाच्या प्रश्नात तरी. स्पर्धा परीक्षेचा अभ्यास करणाऱ्या मुलांना विचारा, भारतीय चित्रपटातली पहिली नायिका कोण? उत्तर येतं, अण्णा साळुंके. नायिकेचं नाव 'अण्णा' म्हटल्यावर वर्गात हशा पिकतो, पुढचा प्रश्न येतो, आणि साळुंके तिथेच संपतात.

मला आज ते तिथे संपू द्यायचे नाहीत. हा माणूस 'राजा हरिश्चंद्र'मध्ये तारामती झाला, 'लंकादहन'मध्ये राम आणि सीता दोन्ही झाला, आणि पुढे कॅमेऱ्यामागे उभा राहून छायाचित्रकार झाला. त्या काळात त्यांचा चेहरा किती लोकांनी पाहिला असेल याचा विचार करा. तरीही त्यांचं चरित्र लिहायला बसलात, तर हाती एक गोष्ट येते, चित्रपटांची नावं येतात, आणि फिल्मचे काही तुकडे येतात. एवढ्या सामग्रीवरून माणूस कसा ओळखायचा, हा आजचा विषय आहे.

हॉटेलातली गोष्ट

आधी ती गोष्ट सांगतो, कारण ती सांगितल्याशिवाय पुढे जाता येत नाही.

धुंडिराज गोविंद फाळके, म्हणजे दादासाहेब फाळके, १९१२ च्या सुरुवातीला लंडनला गेले. तिथून कॅमेरा, फिल्मला भोकं पाडायचं यंत्र आणि ते तंत्र घेऊन परत आले. दादरच्या घरी त्यांनी वाटाण्याचं रोप कसं वाढतं, त्याची छोटी फिल्म करून दाखवली आणि भांडवल उभं केलं. मग हरिश्चंद्राची कथा घेतली. नट मिळवण्यासाठी वर्तमानपत्रांत जाहिराती दिल्या. राजा मिळाला, दत्तात्रय दामोदर दाबके. विश्वामित्र मिळाला, गजानन वासुदेव साने. राजपुत्र रोहिदास तर घरातलाच होता, फाळक्यांचा मुलगा भालचंद्र. अडलं ते राणीपाशी. सिनेमात काम करायला एकही बाई तयार होईना. फाळके वेश्यावस्तीपर्यंत जाऊन आले, तिथेही नकारच मिळाला.

अशा वेळी ग्रँट रोडवरच्या एका हॉटेलात चहा पिताना त्यांना एक तरुण दिसला. सडपातळ बांधा, नाजूक हात. पगार महिना दहा रुपये. फाळक्यांनी पंधरा देऊ केले, तो आला, आणि भारतीय सिनेमाला तारामती मिळाली.

गोष्ट छान आहे, खरीही असेल. पण ती कोणाच्या बाजूने सांगितली आहे, तिकडे जरा लक्ष द्या. अडचण फाळक्यांची, शोध फाळक्यांचा, नजर फाळक्यांची आणि तोडगाही त्यांचाच. साळुंके त्यात फक्त सापडतात, एखादी वस्तू सापडावी तसे. आपली मराठीसुद्धा इथे चुगली करते बघा. ही गोष्ट सांगताना आपण म्हणतो, फाळके हॉटेलात 'गेले', फाळक्यांनी 'विचारलं', आणि साळुंके तयार 'झाला'. एकाला अहोजाहो, दुसऱ्याला अरेतुरे. शिवाय काही जण त्यांना आचारी म्हणतात, काही वेटर, काही नुसता हॉटेलातला पोऱ्या. ज्याच्या कामाचं नावसुद्धा सांगणाऱ्यागणिक बदलतं, त्याच्याकडे कोणी फारसं नीट पाहिलेलं नसतं, एवढं त्यातून कळतं.

आता तीच गोष्ट दुसऱ्या टोकाने वाचा. एक कष्टकरी तरुण आहे. दहा रुपये बांधलेला पगार आहे. हॉटेल आज आहे तसं उद्याही असणार आहे. समोर एक माणूस म्हणतोय, ते सोड, माझ्याकडे ये, दीडपट देतो. काम काय? साडी नेसून एका पेटीसमोर उभं राहायचं. ते काम किती महिने चालणार, चित्र तयार होणार की नाही, पगार शेवटपर्यंत मिळणार की नाही, कशाचीच खात्री नाही. देशात तोवर हे काम कोणी केलेलंच नव्हतं, मग विचारणार तरी कोणाला? म्हणजे जोखीम फाळक्यांनी घेतली हे खरंच, पण ती त्यांच्या एकट्याची नव्हती. पगार दहाचा पंधरा झाला, त्या वाढलेल्या पाच रुपयांत साळुंक्यांची जोखीमही धरलेली होती.

लुगडं नेसलेले पुरुष

इथे कोणी विचारेल, पुरुषाने बाईचं काम करणं त्या काळात एवढं विचित्र होतं का? मुळीच नाही. आणि हे यवतमध्ये बोलताना मला फार समजावून सांगावं लागणार नाही. तुकोबांची पालखी दरवर्षी आपल्याकडे मुक्कामाला असते. गाव पिठलं-भाकरी करतं, दिंड्या उतरतात, आणि कुठेतरी सोंगी भारूड रंगतं. त्यात एखादा वारकरी लुगडं नेसून, डोक्यावर पदर घेऊन उभा राहतो, आणि कोणालाही त्यात वावगं वाटत नाही. तमाशात बायका नाचायला लागण्याआधी नाच्या पोऱ्या होता. आज चौफुल्याच्या संगीतबारीत बायका गातात-नाचतात, तेच आपल्याला परंपरागत वाटतं, पण त्या परंपरेआधीही एक परंपरा होती.

नाटकात तर स्त्रीभूमिका करणाऱ्या नटांचं राज्य होतं. ज्या १९१३ साली 'राजा हरिश्चंद्र' पडद्यावर आला, त्याच साली बालगंधर्वांनी गणपतराव बोडस आणि गोविंदराव टेंबे यांच्याबरोबर गंधर्व नाटक मंडळी काढली. त्यांच्या साड्या, त्यांचे दागिने, त्यांची केशरचना पाहून घराघरातल्या बायका शृंगार करत. आणखी एक नाव घेतो. प्रभातच्या 'संत तुकाराम'मध्ये, १९३६ साली, ज्यांना पाहून लोकांनी प्रत्यक्ष तुकोबा पाहिल्याची भावना व्यक्त केली, ते विष्णुपंत पागनीस. तेही आधी रंगभूमीवर स्त्रीभूमिका करणारे नट होते. म्हणजे आपण ज्यांच्या पालखीला सामोरे जातो, त्या तुकोबांचा पडद्यावरचा चेहराही एका स्त्रीपार्टी नटाचा होता.

मग साळुंक्यांचं वेगळेपण कशात? बालगंधर्व आणि पागनीस नट होते. मंडळीत लहानपणापासून वाढलेले, तालीम मास्तरांच्या हाताखाली तयार झालेले. पदर कसा सावरायचा, मान किती वळवायची, पाऊल किती उचलायचं, हे त्यांना कोणीतरी वर्षानुवर्षं शिकवलं होतं. त्यांच्या पाठीशी गाणं होतं, ऑर्गन होता, तबला होता. साळुंक्यांपाशी यातलं काही नव्हतं. ते स्वयंपाकघरातून थेट कॅमेऱ्यासमोर आले, आणि तोंडातून निघालेला शब्द प्रेक्षकाला ऐकूच जाणार नाही अशा माध्यमात आले.

'हरिश्चंद्राची फॅक्टरी'

फाळक्यांनी ही सगळी मंडळी दादरच्या आपल्या जागेत ठेवली. सगळ्यांचं जेवणखाण सरस्वतीबाई फाळके बघत, आणि त्याशिवाय कोऱ्या फिल्मला भोकं पाडण्याचं कामही करत. सिनेमाला प्रतिष्ठा नव्हती, म्हणून कोणी विचारलं तर 'हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत' कामाला आहे असं सांगा, असं फाळक्यांनी लोकांना शिकवून ठेवलं होतं. परेश मोकाशींच्या २००९ मधल्या चित्रपटाचं नाव तिथूनच आलं.

या फॅक्टरीत स्त्रीभूमिका करणाऱ्यांचा सराव कसा होई? सांगतात की फाळके त्यांना साडी नेसून घरातली कामं करायला लावत. तांदूळ निवडणं, दळणकांडण, पोळ्या लाटणं. हेतू स्पष्ट होता. बाईचा अभिनय करायचा नाही, बाईच्या हालचाली अंगात मुरवायच्या. या जागी साळुंक्यांचा आधीचा धंदा आठवा. स्वयंपाकघरातली कामं त्यांना नवी नसणार. फरक पडला तो अंगावरच्या कपड्याचा.

दुसरी अडचण मिशांची होती. मिशी काढणं म्हणजे वडील गेल्याची खूण. वडील हयात असताना मिशी काढायला ही मंडळी तयार नव्हती, आणि मिशीसकट राणी किंवा दासी दाखवायची कशी? फाळक्यांनी त्यांची आणि त्यांच्या वडिलांचीही समजूत काढली. आज आपण याला हसतो, पण क्षणभर त्या वडिलांच्या जागी जाऊन बघा. मुलगा बिनमिशीचा घरी आला, तर शेजारी काय विचारणार? ओठावरचे चार केस म्हणजे घरातला बाप जिवंत असल्याचा दाखला होता, आणि तो दाखला पुसायचा होता अशा एका कामासाठी, जे काम चारचौघांत सांगायचीही सोय नव्हती.

आता थोडं तंत्राकडे वळतो, कारण साळुंक्यांचा अभिनय त्याशिवाय समजत नाही.

त्या काळच्या फिल्मला लाल रंग दिसतच नसे. निळा रंग पांढरा उमटे, लाल रंग काळा उमटे. म्हणजे कपाळावरचं कुंकू पडद्यावर काळं दिसणार, ओठ काळसर दिसणार, उन्हात रापलेली कातडी आहे त्याहून गडद दिसणार. म्हणून चेहऱ्यावर भरपूर पांढरा रंग लावावा लागे. शूटिंग उन्हात, कारण विजेच्या दिव्यांची सोय नाही. कॅमेरा एका जागी खिळलेला, आणि नट डोक्यापासून पायापर्यंत चौकटीत. आजच्यासारखा डोळ्यांतलं पाणी दाखवणारा क्लोजअप या चित्रात जवळजवळ नाहीच. मग प्रेक्षकापर्यंत भावना पोचवायची कशी? शब्द नाही, गाणं नाही, चेहरा लांब आणि त्यावर रंगाचा थर. उरतात दोन गोष्टी, शरीराचा बाक आणि हात.

माझं अनुमान असं, की फाळक्यांच्या नजरेत नेमके हात का भरले, याचं उत्तर इथे आहे. फाळके मुळात छायाचित्रकार आणि चित्रकार होते, जे. जे. स्कूल ऑफ आर्ट आणि बडोद्याच्या कलाभवनात शिकलेले. लांबून, उन्हात, मुकेपणाने काय दिसतं हे त्यांना ठाऊक होतं. साळुंक्यांचे नाजूक हात ही गंमतीची बाब नव्हती. मूकपटात हातच वाचा होते.

२१ एप्रिल १९१३ रोजी मुंबईच्या ऑलिंपिया थिएटरात निमंत्रितांसाठी खेळ झाला, आणि ३ मे १९१३ रोजी गिरगावातल्या कॉरोनेशनमध्ये चित्र लोकांसाठी लागलं. चार रिळं, सुमारे ३,७०० फूट.

फुटांत मोजलेला माणूस

लांबी फुटांत का सांगतात, ते एका वाक्यात सांगतो. ३५ मिलिमीटरच्या एका फूट फिल्मवर १६ चित्रं मावतात. सेकंदाला १६ चित्रं या वेगाने फिल्म फिरवली, तर एक फूट म्हणजे एक सेकंद. पण यंत्र हाताने फिरवायचं, त्यामुळे तोच खेळ एका गावात पाऊण तासात संपे आणि दुसऱ्या गावात तासभर चाले. म्हणून मिनिटांपेक्षा फुटांचा हिशेब पक्का.

त्या ३,७०० फुटांपैकी आज आपल्याकडे पहिलं आणि शेवटचं रीळ आहे, सुमारे १,४७५ फूट. ते पुण्यात, लॉ कॉलेज रोडवरच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात आहे. १९६४ साली ही संस्था सुरू झाली आणि पी. के. नायर यांनी फाळक्यांच्या चित्रपटांचे जे तुकडे मिळतील ते शोधून तिथे आणले. हे किती मोलाचं काम आहे, ते एका तुलनेने कळेल. भारतात हजाराहून अधिक मूकपट बनले. आज त्यातले पूर्ण स्वरूपात पाहता येतील असे हाताच्या बोटांवर मोजावे लागतात. नायट्रेटची फिल्म पटकन पेट घेते, दमट हवेत तिची भुकटी होते, आणि त्यात चांदी असते म्हणून जुनी रिळं भंगारातही गेली.

या दोन रिळांतही एक पेच आहे. 'राजा हरिश्चंद्र'ची प्रत बैलगाडीतून एका थिएटरातून दुसरीकडे नेताना जळाली, असं सांगतात. मग १९१७ मध्ये फाळक्यांनी तीच कथा पुन्हा चित्रित केली, 'सत्यवादी राजा हरिश्चंद्र'. त्यातही तारामती साळुंकेच होते. त्यामुळे अभ्यासकांमध्ये वाद आहे, की संग्रहालयातली रिळं १९१३ ची की १९१७ ची? हा वाद फाळक्यांच्या दृष्टीने फार महत्त्वाचा आहे, पहिला चित्रपट खरोखर उरलाय की नाही याचा तो प्रश्न आहे. साळुंक्यांच्या बाबतीत मात्र एक दिलासा आहे. रिळं कुठल्याही सालची असोत, त्यात दिसणारी तारामती तेच आहेत.

ती रिळं जरूर बघा, इंटरनेटवरही उपलब्ध आहेत. सुरुवातीला राजा मुलाला धनुर्विद्या शिकवतोय आणि राणी शेजारी उभी आहे. साळुंके फार काही करत नाहीत. पण दाबके आणि बाकीची पुरुष मंडळी हातवारे करत असताना, राणी आपली जागा कशी धरून ठेवते ते पाहा. शिवाय या चित्रात जलक्रीडेचा एक प्रसंग होता, राणी आणि तिच्या सख्या पाण्यात. ओल्या साड्यांतले ते सगळे पुरुष. नाटकाच्या रंगमंचावर हे दृश्य शक्यच नव्हतं. तिथे दिवे, अंतर आणि दागिने नटाला सांभाळून घेत. इथे दिवसाचं ऊन, खरं पाणी, आणि एकदा उमटलं की न बदलणारं चित्र.

'लंकादहन' : एकाच देहात राम आणि सीता

आता एक गोष्ट जी शाळेच्या उत्तरात येत नाही.

'राजा हरिश्चंद्र'नंतर फाळके नाशिकला गेले आणि १९१३ मध्येच त्यांनी 'मोहिनी भस्मासुर' केला. त्यात पार्वतीच्या भूमिकेत दुर्गाबाई कामत होत्या आणि मोहिनी झाली होती त्यांची मुलगी कमला, त्या वेळी जेमतेम तेरा वर्षांची. म्हणजे भारतीय पडद्यावर स्त्रिया आल्या त्या पहिल्याच वर्षी. दुर्गाबाई नवऱ्यापासून वेगळ्या राहून मुलीला वाढवत होत्या, पोटासाठी नाटकात काम करत होत्या, आणि समाजाचे बोल आधीच ऐकून झाले होते. जिथे घरंदाज म्हणवणारी एकही बाई पुढे आली नाही, तिथे त्या आल्या.

आपल्याला वाटतं, झालं, आता पुरुषांच्या स्त्रीभूमिका संपल्या. इतिहास असा सरळ चालत नाही. चार वर्षांनी, १९१७ मध्ये, 'लंकादहन' आला आणि सीता पुन्हा अण्णा साळुंके होते. शिवाय रामही तेच होते. हनुमान गणपत शिंदे.

एक माणूस राम आणि सीता दोन्ही कसा होऊ शकतो? कथा डोळ्यांपुढे आणा. सीताहरण झालं की राम इकडे आणि सीता तिकडे. दोघांची ताटातूट हाच कथेचा गाभा. दोघं एका चौकटीत यायची गरज फार थोडी. त्यामुळे एकच नट आज रामाचे प्रसंग आणि उद्या सीतेचे प्रसंग देऊ शकत होता. भारतीय सिनेमातली पहिली दुहेरी भूमिका म्हणून याचा उल्लेख होतो.

लोकांनी हे कसं स्वीकारलं? डोक्यावर घेतलं. रामाची आकृती पडद्यावर येताच लोक पायातल्या चपला काढत, अशा आठवणी आहेत. तिकिटांची चिल्लर पोत्यांत भरून बैलगाडीने न्यावी लागली, असंही सांगतात. जरा विचार करा. ज्या देहासमोर लोकांनी चपला काढल्या, त्याच देहाला त्यांनी पुढच्या दृश्यात अशोकवनातली सीता म्हणून पाहिलं आणि हळहळले. त्या प्रेक्षकाला फसवलं जात नव्हतं. सोंगी भारूड पाहणाऱ्या माणसाला ठाऊक असतं की पदराखाली कोण आहे. त्याला सोंग कळतं आणि सोंगातला भावही कळतो. पुढे १९१९ मध्ये फाळक्यांनी 'कालियामर्दन' केला, तेव्हा बाळकृष्ण झाली त्यांची मुलगी मंदाकिनी. म्हणजे मुलीने मुलाचं कामही याच पडद्यावर केलं. पुरुष की बाई हा प्रश्न आपल्याला वाटतो तेवढा त्या प्रेक्षकाला छळत नव्हता.

कॅमेऱ्याच्या पलीकडे

१ जानेवारी १९१८ रोजी नाशिकला हिंदुस्थान फिल्म कंपनी उभी राहिली. पुढच्या दशकातल्या तिच्या चित्रपटांच्या नोंदी चाळल्या, तर साळुंक्यांचं नाव वेगळ्या रकान्यात दिसायला लागतं, छायाचित्रण. १९२२ चा 'सत्यनारायण' आणि १९२३ चा 'बुद्धदेव' यांत ते नटही आहेत आणि छायाचित्रकारही.

मला स्वतःला साळुंक्यांच्या आयुष्यातला हा सगळ्यात मोठा टप्पा वाटतो. त्या काळचा कॅमेरा हाताने फिरवायचा असे. दांड्याच्या एका फेऱ्यात आठ चित्रं, म्हणजे सेकंदाला दोन फेरे, आणि ते फेरे सगळा प्रसंगभर एकसारखे. हात जरा जोरात चालला की पडद्यावर माणूस रेंगाळतो, मंदावला की तो धावत सुटतो. उजेड मोजायचं यंत्र नाही. ढग आला, सावली सरकली, सगळा अंदाज डोळ्याने. चुकलं तर ते फिल्म धुतल्यावर कळणार. हे काम हॉटेलातून आलेल्या एका तरुणाने कंपनीत राहून, बघून बघून शिकून घेतलं.

फाळक्यांची ही पद्धतच होती. 'राजा हरिश्चंद्र'चा कॅमेरा चालवणारे त्र्यंबक तेलंग यांनाही त्यांनीच शिकवून तयार केलं होतं. तेव्हा फिल्मची शाळा नव्हती, कारखानाच शाळा होता. पण शिकवणारा असला तरी शिकणारा लागतो. साळुंक्यांना आपण 'साडी नेसलेला आचारी' म्हणून लक्षात ठेवतो. 'आचाऱ्याचा झालेला छायाचित्रकार' म्हणून का नाही? एका वाक्याला हसू येतं आणि दुसऱ्याला येत नाही, एवढंच कारण असेल, तर ते आपलं कारण आहे, त्यांचं नव्हे.

नोंद कोणाची होते

१९३२ साली प्रभातने 'अयोध्येचा राजा' हा बोलपट काढला. दिग्दर्शक व्ही. शांताराम. कथा तीच, हरिश्चंद्र-तारामतीची. हरिश्चंद्र झाले गोविंदराव टेंबे, आणि तारामती झाल्या दुर्गा खोटे. सुशिक्षित, घरंदाज, आणि पुढे अनेक दशकं काम केलेल्या अभिनेत्री. त्यांनी नंतर आत्मचरित्र लिहिलं, 'मी, दुर्गा खोटे'. दोन्ही चित्रांत अंतर फक्त एकोणीस वर्षांचं. एका तारामतीचं अख्खं आत्मचरित्र आहे आणि दुसऱ्या तारामतीचं स्वतःचं असं एक वाक्य नाही.

कमलाबाईंचं बघा. मोहिनी झालेली ती तेरा वर्षांची मुलगी पुढे रंगभूमीवरची मोठी नटी झाली, कमलाबाई गोखले. चंद्रकांत गोखल्यांची आई, विक्रम गोखल्यांची आजी. त्या नव्वदीच्या घरात असताना रीना मोहन नावाची एक तरुण दिग्दर्शिका कॅमेरा घेऊन त्यांच्याकडे गेली आणि तिने त्यांच्यावर माहितीपट केला. त्यामुळे कमलाबाईंचा आवाज, त्यांचं बोलणं, त्यांचं हसणं आज आपल्यापाशी आहे. त्यांना घराणं होतं आणि दीर्घ आयुष्य होतं, आणि मुख्य म्हणजे वेळेवर विचारणारं कोणीतरी भेटलं.

बालगंधर्वांच्या ध्वनिमुद्रिका आहेत, फोटो आहेत, चरित्रं आहेत. त्यांचा आवाज ऐकलेली माणसं कालपरवापर्यंत भेटत होती. साळुंक्यांच्या बाबतीत ही एकेक वाट बंद होत गेली. मूकपट, म्हणून आवाज नाही. फिल्म जळाली-विरली, म्हणून चित्र अपुरं. नाटक मंडळी नाही, म्हणून शिष्य नाहीत आणि आठवणी लिहिणारे सहकारी नाहीत. कंपनीचा मालक प्रसिद्ध, म्हणून सगळ्या गोष्टी मालकाच्या.

आणि नाव? 'अण्णा' हे आपल्याकडे हाकेचं नाव. घरातला मोठा, आदराचा माणूस. कागदावर लिहायचं नाव वेगळं असतं. साळुंके कुठे साळुंके आहेत, कुठे साळुंखे, इंग्रजी नोंदीत कुठे नुसते 'ए. साळुंके'. म्हणजे इतिहासात उरलं ते सोबतच्या माणसांनी मारलेल्या हाकेपुरतं. एका अर्थी हे वाईट आहे, कारण हाकेच्या नावाने जुन्या दप्तरात माणूस शोधता येत नाही. एका अर्थी बरंही वाटतं. त्या फॅक्टरीत, त्या उन्हात, त्यांना कोणीतरी 'अण्णा' म्हणत होतं.

आपल्या हातात काय आहे

शेवटी एक व्यवहाराचं बोलतो.

साळुंक्यांबद्दल नवीन कागद निघतील तेव्हा निघतील. पण त्यांच्याविषयी बोलताना तीन गोष्टी आपण आजपासून पाळू शकतो. एक, हॉटेलातली गोष्ट सांगितली की पुढचंही सांगायचं. दुसरी तारामती, राम-सीता, आणि मग कॅमेरा. दोन, 'पहिली नायिका' म्हणून त्यांचं नाव घेताना त्याच दमात दुर्गाबाई आणि कमलाबाईंचं नाव घ्यायचं. एकाची गंमत दुसऱ्यांच्या धाडसावर पडदा टाकायला वापरायची नाही. तीन, त्यांना अहोजाहो करायचं.

आणि हा जो पट्टा आहे, पुणे-सोलापूर रस्त्याचा, इथे अजून अशी माणसं आहेत. तंबूत सिनेमा दाखवणारी, प्रोजेक्टर चालवणारी, तमाशाच्या फडात पेटी वाजवणारी, भारुडात लुगडं नेसणारी. त्यांच्याकडे जाताना 'काही किस्सा सांगा' असं म्हणू नका. किश्शात माणूस हरवतो, ते आज आपण पाहिलं. त्यापेक्षा साधं विचारा. पूर्ण नाव काय, जन्म कुठला, काम कोणाकडून शिकलात, पगार किती मिळायचा, तो वेळेवर मिळायचा का. उत्तरं त्यांच्याच शब्दांत लिहून घ्या आणि खाली तारीख टाका.

साळुंक्यांना हे पाच प्रश्न कोणी विचारले असते, तर आजचं हे व्याख्यान मला द्यावं लागलं नसतं. त्यांचं त्यांनीच सांगितलं असतं.

इथे थांबतो. तुमचे प्रश्न असतील तर घेऊ.